जीबी टाकून द्या

बहरीनच्या नकाशात जनाबिया वायव्य कोपऱ्यात सापडतं. सौदी अरेबियाला जोडणारा २५ किलोमीटरचा किंग फहद पूल इथून जवळ, म्हणून सुट्टीच्या आदल्या संध्याकाळी रस्ते सौदी नंबरच्या गाड्यांनी भरतात. उंच भिंतींचे बंगले, परदेशी कुटुंबांची कंपाउंडं, घोड्यांचे तबेले, मधूनच खजुराची बाग आणि राजघराण्याचा उंटांचा फार्म, असं हे गाव. बंगल्याच्या मागे एक खोली असते, तिथे ड्रायव्हर राहतो. स्वयंपाकघराला लागून आणखी एक असते, तिथे खद्दामा, म्हणजे घरकाम करणारी बाई, राहते. माझा धंदा या मागच्या खोल्यांवर चालला.

मी मोबाइल दुरुस्त करतो. हात बसला मुंबईत, मनीष मार्केटच्या गाळ्यात. तिथून एका गाववाल्याच्या ओळखीने बहरीनला आलो. जनाबियातलं दुकान एका बाजूला कोल्ड स्टोअर, दुसऱ्या बाजूला लाँड्री असं मधे दडलेलं. कोल्ड स्टोअर म्हणजे इथलं वाण्याचं दुकान. मालक मल्याळी, मी कारागीर. गिऱ्हाईक बंगाली, पाकिस्तानी, फिलिपिनो, नेपाळी, आंध्रचं, आणि आपल्याकडचं मंडणगड, दापोली, खेड, चिपळूणचं. स्क्रीन बदलणं, चार्जिंगचा पोर्ट बदलणं, बॅटरी आणि रिचार्ज हे रोजचं काम. त्याच्याबरोबरीने चालायचं ते एकच: ‘भाई, जीबी डाल दो.’ आपली माणसं म्हणायची, ‘दादा, जीबी टाकून द्या.’

ज्यांना हे प्रकरण ठाऊक नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. व्हॉट्सॲपचं अधिकृत ॲप कुणीतरी उघडतो, त्यातल्या कोडमध्ये हात घालतो, जे हवं ते बदलतो, मूळ कंपनीच्या डिजिटल सहीऐवजी स्वतःची सही मारून पुन्हा बांधतो आणि कुठल्यातरी वेबसाइटवर किंवा टेलिग्रामच्या चॅनेलवर ठेवून देतो. याला मॉड म्हणतात. प्ले स्टोअरवर ते मिळत नाही. चेहरा तोच, निरोप कंपनीच्याच सर्व्हरवरून जातात, फक्त सेटिंगमध्ये कंपनीने कधी न दिलेली पानं असतात. यातलं पहिलं फार गाजलेलं नाव व्हॉट्सॲप प्लस. जानेवारी २०१५ मध्ये कंपनीने ते वापरणाऱ्यांना २४ तासांसाठी बाहेर काढलं, बनवणाऱ्याला कायदेशीर नोटीस गेली आणि प्लस बंद पडलं. मागणी मात्र संपली नाही. जीबी व्हॉट्सॲप आलं, एफएम आलं, यो आलं. अरब गिऱ्हाइकांमध्ये उमर व्हॉट्सॲप आणि ‘अल-झहबी’, म्हणजे सोनेरी व्हॉट्सॲप चालायचं. पूल ओलांडून आलेल्या सौदी पोरांच्या फोनमध्ये तर मला ते सोनेरी चिन्ह सतत दिसे.

बाहेरच्या माणसाला वाटतं की लोक हे रंगबिरंगी थीमसाठी घेतात. काही घेतही असतील. पण मी काउंटरवर उभा राहून प्रत्येकाला विचारायचो, ‘कशाला हवंय?’ आणि उत्तर बहुतेक वेळा जगण्यातल्या एखाद्या अडचणीचं असायचं.

मंडणगडकडचा एक ड्रायव्हर होता, पन्नाशीचा. त्याला आम्ही मामा म्हणायचो. पहाटे मुलांना शाळेत सोडण्यापासून रात्री पाहुण्यांना पोचवण्यापर्यंत त्याची गाडी चालू. दुपारी दोन ते चार मोकळीक. बहरीनचे दोन म्हणजे भारतात साडेचार. मुलगी त्या सुमारास शाळेतून घरी येई. मामा खोलीत आडवा होऊन तिच्याशी बोलायचा. पण व्हॉट्सॲप उघडलं की नावाखाली ‘ऑनलाइन’ उमटायचं आणि मॅडमच्या फोनवर ते दिसायचं. लगेच निरोप: जागा आहेस तर लाँड्रीतून कपडे आण. जागा आहेस तर शेजारच्या सारला जाऊन ये. मॅडम दुष्ट नव्हत्या, ईदला कपडे द्यायच्या, मुलीच्या परीक्षेची चौकशी करायच्या. त्यांना फक्त दिसत होतं की माणूस जागा आहे. आणि निळ्या खुणा उमटल्या की ‘पाहिलं नाही’ म्हणायचीही सोय नाही.

निळ्या टिक नोव्हेंबर २०१४ मध्ये आल्या. त्या बंद करायची सोयही कंपनीने लगेचच दिली, पण एका अटीवर: तुमच्या बंद, तर समोरच्याच्याही तुम्हाला दिसणार नाहीत. ‘लास्ट सीन’लाही तोच न्याय. दोन मित्रांमध्ये, नवरा-बायकोमध्ये हा नियम चोख आहे. मला तो आवडतोही. पण ‘ऑनलाइन’ लपवायची सोय तेव्हा नव्हतीच, ती ऑगस्ट २०२२ मध्ये जाहीर झाली. आणि ज्या दोघांपैकी एकाच्या हातात दुसऱ्याचा व्हिसा आहे, त्यांच्यात बरोबरीचा नियम बरोबरीचा राहत नाही. ड्रायव्हर मालकिणीला सांगू शकत नाही की दोन ते चार मी तुमचा नाही. जीबीमध्ये एक बटण दाबलं की तो दोन तास दिसेनासा व्हायचा. मामाला ते बटण हवं होतं. ते देताना माझ्या मनात काही किंतु आला नाही, आणि त्याची गरज रास्त होती असं आजही मला वाटतं.

मिटवलेले निरोप ही दुसरी मोठी मागणी. नोव्हेंबर २०१७ पासून व्हॉट्सॲपवर पाठवलेला निरोप सगळ्यांच्या फोनमधून पुसता येऊ लागला. मॉडवाल्यांनी लगोलग तोड काढली: समोरच्याने पुसला तरी आपल्याकडे राहणार. या एका सोयीने दोन माणसांचं काय झालं ते मी पाहिलं आहे.

एक सुतार होता. त्याचा पगार थकला होता. मुकादमाने आवाजी निरोपात कबूल केलं की एवढे महिने, एवढे दिनार बाकी आहेत, आणि दुसऱ्या दिवशी तो निरोप पुसून टाकला. सुताराच्या फोनमध्ये मॉड असल्यामुळे आवाज शिल्लक होता. तक्रारीसोबत त्याने तो ऐकवला. पुढे हिशेब मिटला. त्या आवाजामुळेच मिटला असं मी छातीठोक सांगणार नाही, पण तो हातात असल्यामुळे सुतार तक्रार करायला निघाला हे नक्की.

दुसरा आपल्याच बाजूचा, नवं लग्न होऊन आलेला तरुण. बायको गावाला. ती रात्री कधी काहीतरी लिहायची आणि मग पुसायची. काय लिहायची? ‘आज फार एकटं वाटलं.’ ‘सासूबाई बोलल्या.’ लिहून मन मोकळं व्हायचं, आणि लांबच्या माणसाला घोर नको म्हणून ती ते मागे घ्यायची. याला मात्र सगळं दिसायचं. तो फोन करून खोदून विचारायचा, पुसलंस का, आणखी काय लपवतेस. तीनचार महिन्यांत दोघांचं बोलणं म्हणजे उलटतपासणी झाली. तो मला म्हणाला, ‘दादा, हे काढून टाका, मला झोप येत नाही.’ मी काढलं. पुसलेलं पुसलेलंच राहावं हा तिचा हक्क होता, आणि मॉडने तो तिला न विचारता काढून घेतला होता. सुताराच्या हाती जे हत्यार म्हणून आलं, तेच याच्या घरात फिरलं. म्हणून ‘मॉड चांगलं की वाईट’ असं कुणी एका दमात विचारलं की मला उत्तर सुचत नाही. कोण कुणापासून काय लपवतंय, आणि त्यांच्यात जोर कुणाचा, हे आधी कळावं लागतं.

तिसरी गरज सगळ्यांत साधी. आखातातल्या माणसाचे दोन नंबर असतात. भारतातला, बँकेच्या ओटीपीसाठी आणि गावच्या गोतावळ्यासाठी. आणि बहरीनचा, कामासाठी. फोन एक, व्हॉट्सॲप एक. दुसऱ्या नंबरासाठी लोक जीबी घ्यायचे, कारण ते वेगळ्या नावाने बसतं आणि मूळ ॲपशेजारी गुण्यागोविंदाने राहतं. हे सोडवणं माझ्या हातात होतं आणि ते मी लवकर शिकलो. शाओमीच्या फोनमध्ये ‘ड्युअल ॲप्स’ आणि सॅमसंगमध्ये ‘ड्युअल मेसेंजर’ आधीपासून असायचं, फोनच्या मालकाला पत्ताच नसायचा. जानेवारी २०१८ मध्ये व्हॉट्सॲप बिझनेस आलं, तेही दुसऱ्या नंबरावर चालतं. अधिकृत ॲपमध्ये एकाच फोनवर दोन खाती चालवायची सोय ऑक्टोबर २०२३ मध्ये जाहीर झाली. कारागिराने गिऱ्हाइकाचं म्हणणं ऐकावं, पण त्याने सांगितलेलं औषध लगेच देऊ नये, आधी दुखणं पाहावं. हे मला या दोन नंबरांनी शिकवलं.

बंदीचे दिवस मात्र वेगळे. २०१९ च्या सुरुवातीला कंपनीने उघड सांगितलं की जीबी आणि प्लस ही अनधिकृत ॲपं आहेत, ती वापरणाऱ्यांचं खातं तात्पुरतं बंद होईल, आणि अधिकृत ॲपवर आला नाहीत तर कायमचं. शुक्रवारी मजुरांची सुट्टी. त्या काळातले शुक्रवार मला आठवतात ते काउंटरवर लागलेल्या रांगेसाठी. प्रत्येकाच्या पडद्यावर उलटं धावणारं घड्याळ: इतके तास, इतकी मिनिटं, इतके सेकंद. माणसं त्या आकड्यांकडे बघत बसायची. घरी बायको निरोपाची वाट पाहणार, कामावर मुकादम उद्याची जागा व्हॉट्सॲपवरच कळवणार, आणि हातात मुका फोन.

यावर मॉडवाल्यांचं उत्तर तयार असे. आठवड्याभरात ‘अँटी-बॅन’ लिहिलेली नवी आवृत्ती येई. काही दिवस ती चाले. मग कंपनी सर्व्हरच्या बाजूने नवी खूणगाठ बांधी, आणि पुन्हा रांग. कधी मॉडची मुदतच संपायची, तेव्हा लोक फोनची तारीख मागे नेऊन ते चालू ठेवायचे. तारीख चुकली की बाकीची ॲपं आणि बँका कुरकुर करायच्या, मग ते माझ्याकडे. पुढे पुढे तर पडद्यावर सरळच येऊ लागलं की लॉग-इन करायचं तर अधिकृत व्हॉट्सॲप लागेल. ही शर्यत मी दोन्ही बाजूंनी जवळून पाहिली. मॉड बनवणारा कुठे बसलाय कुणाला माहीत नव्हतं, त्याचं काही जात नव्हतं. कंपनीला आपलं जाळं सुरक्षित ठेवायचं होतं, त्यात तिचं चुकलं असं मी म्हणणार नाही. पण दर वेळी किंमत मोजायचा तो रांगेतला माणूस. दुकानात जीबी टाकायचा एक दिनार, बंदीनंतर चॅट परत आणायचा वेगळा. आज रुपयांत मोजलं तर एक दिनार दोनशेच्या वर जातो. बागेत पाणी घालणाऱ्याला तो जड असतो.

चॅट परत आणणं हे त्या वर्षांतलं माझं खास काम झालं. जीबीचे निरोप त्याच्या स्वतःच्या फोल्डरमध्ये असतात आणि गूगल ड्राइव्हवर त्यांची प्रत जात नाही. लोक घाबरून आधी ॲप उडवायचे आणि मग यायचे. त्यामुळे ‘आधी काही उडवू नका’ हे वाक्य मी किती भाषांत म्हणायला शिकलो. मॉडमधून बॅकअप घ्यायचा, फोल्डरचं नाव बदलून अधिकृत ॲपच्या नावाचं करायचं, मग अधिकृत ॲप बसवून ‘रिस्टोअर’ म्हणायचं. कधी सगळं परत यायचं, कधी अर्धं, कधी काहीच नाही. अँड्रॉइड ११ पासून फोनमधल्या फोल्डरांच्या जागा आणि परवानग्या बदलल्या तसे हे जुने मार्गही अरुंद झाले.

अशाच एका वेळी दापोलीकडचा एक माळी आला. त्याची आई २०२० साली गेली. त्या मार्चमध्ये भारताने आंतरराष्ट्रीय विमानं थांबवली होती, त्याला जाता आलं नाही. आईला लिहिता येत नव्हतं, ती बोलून निरोप पाठवायची. ते सगळे निरोप मॉडमध्ये. पुढे बंदी आली, त्याच्या सोबत्याने मदत म्हणून ॲप उडवलं, आणि हा माणूस दुकानात येऊन काही न बोलता उभा राहिला. चॅट परत आलं नाही. पण मी फोल्डर चाळत गेलो आणि आवाजी निरोपांचा फोल्डर तसाच सापडला. व्हॉट्सॲप आवाजी निरोप वेगळ्या फायली म्हणून ठेवतं, ‘ओपस’ नावाच्या प्रकारात, आणि फाइलच्या नावातच तारीख असते. कोण बोललं ते नावात नसतं. मग आम्ही दोघांनी मिळून एकेक फाइल दोन सेकंद ऐकायची आणि आईची असेल ती बाजूला काढायची, असं दुकान बंद होईपर्यंत केलं. त्याने दोन मेमरी कार्डांवर प्रती मागितल्या, एक इथे ठेवायला आणि एक बहिणीला पाठवायला. त्या दिवसापासून दुकानाचा क्रम ठरला. फोन कुठल्याही कारणाने आलेला असो, आधी जे आहे त्याची प्रत, मग दुरुस्ती.

माझं मत जिच्यामुळे पूर्ण फिरलं ती गोष्ट एका नेपाळी बाईच्या रिचार्जची. ती खद्दामा होती. तिचं म्हणणं एवढंच की कार्ड टाकलं की दोन दिवसांत पैसे संपतात, फोन तर मी लावतही नाही. कार्ड बदललं, फोन पुसला, पुन्हा तेच ॲप बसलं, पुन्हा पैसे गायब. तिच्या फोनमध्ये मॉड होतं. पुढे ऑगस्ट २०२१ मध्ये कॅस्परस्की या सुरक्षा कंपनीचा अहवाल आला: एफएम व्हॉट्सॲपच्या एका आवृत्तीत ‘ट्रायडा’ नावाचा ट्रोजन सापडला आहे. जाहिराती दाखवण्यासाठी घातलेल्या भागातून तो शिरतो, आणखी हानिकारक ॲपं गुपचूप उतरवतो, आणि त्यातली काही मालकाच्या नकळत पैसे घेणाऱ्या सेवांना नाव नोंदवतात. मॉड एसएमएस वाचायची परवानगी मागतं, ती आपणच देतो, आणि त्याच वाटेने पडताळणीचे आकडेही जातात. तिच्या फोनमध्ये नेमका हाच प्रकार होता का, हे सिद्ध करायला माझ्याकडे साधन नव्हतं. मॉड काढलं आणि रिचार्ज टिकू लागला, एवढं मी पाहिलं.

मग मी या विषयावरचं सगळं वाचू लागलो. ऑक्टोबर २०२२ मध्ये यो व्हॉट्सॲपच्या एका आवृत्तीबद्दल कळलं की ती खात्याच्या किल्ल्याच चोरते, म्हणजे तुमच्या नावाने दुसरा कुणी बोलू शकतो. त्याच महिन्यात मेटाने चीन आणि तैवानमधल्या काही मॉडवाल्यांवर खटला भरला, दहा लाखांहून जास्त खाती चोरल्याच्या आरोपावरून. आणि नोव्हेंबर २०२३ मध्ये आला तो कॅस्परस्कीचा अहवाल तर आमच्या दारातला होता. टेलिग्रामच्या, मुख्यतः अरबी आणि अझरबैजानी, चॅनेलांवरून पसरलेल्या व्हॉट्सॲप मॉडमध्ये हेर घातलेला. फोन चालू झाला किंवा चार्जिंगला लावला की तो जागा होतो, दर पाच मिनिटांनी संपर्कयादी आणि खात्यांची माहिती पाठवतो, हुकूम आला तर माइकवरून ध्वनिमुद्रणही करतो. एकट्या ऑक्टोबरात कॅस्परस्कीने असे ३ लाख ४० हजारांहून अधिक हल्ले अडवले. सर्वाधिक फटका बसलेल्या देशांत अझरबैजान, सौदी अरेबिया, येमेन, तुर्कस्तान, इजिप्त. सौदी म्हणजे आमच्या पुलापलीकडे.

गिऱ्हाईक म्हणायचं, ‘पण व्हॉट्सॲप तर एन्क्रिप्टेड आहे ना?’ आहे. एप्रिल २०१६ पासून दोन टोकांमधला सगळा मजकूर कुलूपबंद आहे, कंपनीलाही वाचता येत नाही. पण कुलूप उघडतं ते तुमच्या फोनमधल्या ॲपमध्ये. आमच्या कोकणात मुंबईहून आलेलं पत्र पोस्टमन वाचून दाखवायचा. पाकीट कितीही घट्ट डकवलं असलं तरी मजकूर त्याला कळणारच. मॉड त्या पोस्टमनच्या जागी बसतं, आणि त्याला आपण ओळखत नसतो. इतकं सांगितलं की आजीबाईलाही पटायचं.

मी मालकाशी बोललो. तो म्हणाला, आपण नाही टाकलं तर पुढच्या गल्लीतला टाकेल. बरोबर होतं त्याचं. तरी त्याने ऐकलं आणि आम्ही ते काम बंद केलं. काही गिऱ्हाईक गेलं. राहिलं त्याच्यासाठी दुप्पट वेळ द्यावा लागला, कारण ‘हे टाकणार नाही’ म्हणून भागत नाही; त्याची गरज तरी दुसऱ्या वाटेने भागवायला हवी. नशिबाने तोवर अधिकृत ॲप पुष्कळ बदललं होतं. ठरावीक माणसांपासून ‘लास्ट सीन’ लपवणं २०२२ मध्ये आलं, ‘ऑनलाइन’ लपवणंही त्याच वर्षी. चॅटला वेगळं कुलूप मे २०२३ मध्ये. ज्या गोष्टींसाठी लोकांनी वर्षानुवर्षं बंदी सोसली, त्यांतल्या कितीतरी आता साध्या सेटिंगमध्ये आहेत. माझं ठाम मत आहे की हे फार आधी व्हायला हवं होतं. मॉडची लोकप्रियता म्हणजे रांगेतल्या माणसांनी लिहिलेलं मागणीपत्र होतं.

यूट्यूबच्या जाहिराती घालवणारं व्हॅन्स्ड आणि इन्स्टाग्रामची मॉडं यांच्याबद्दल फार लिहीत नाही. व्हॅन्स्डवाल्यांनी गूगलच्या कायदेशीर नोटिशीनंतर मार्च २०२२ मध्ये दुकान आवरतं घेतलं. तिथे जाते ती करमणूक. व्हॉट्सॲपमध्ये माणसाचं घर असतं.

एक मुद्दा मात्र नीट मांडायला हवा, कारण त्यात गोंधळ फार. प्ले स्टोअरबाहेरून ॲप घेणं म्हणजे आपोआप धोका, असं नाही. मे २०१९ नंतरच्या नव्या हुआवे फोनांत गूगलच्या सेवाच नव्हत्या. असे फोन आखातात खूप खपले. त्यांच्यात मी व्हॉट्सॲप टाकायचो ते थेट व्हॉट्सॲपच्या स्वतःच्या संकेतस्थळावरून. फाइल बाहेरची, पण सही मूळ कंपनीची. बघायचं ते एवढंच की सही कुणाची. आता गूगलनेही ऑगस्ट २०२५ मध्ये जाहीर केलंय की प्रमाणित अँड्रॉइड फोनांवर ॲप बसवायचं तर बनवणाऱ्याची ओळख नोंदलेली लागेल; सप्टेंबर २०२६ पासून ब्राझील, इंडोनेशिया, सिंगापूर आणि थायलंड, मग टप्प्याटप्प्याने इतरत्र. निनावी मॉडवाल्यांना हे जड जाईल. स्वतःच्या हौसेने प्रामाणिक ॲप बनवणाऱ्या पोरालाही थोडं जड जाईल, याचं मला वाईट वाटतं.

आणखी एक प्रसंग सांगायला हवा. एकदा एक गृहस्थ आले, सोबत त्यांच्या घरी काम करणारी मुलगी. तिचा फोन काउंटरवर ठेवून म्हणाले, यात असं काही घाला की ती कुणाशी काय बोलते ते माझ्या फोनवर दिसेल. ती शेजारीच उभी होती, खाली बघत. मी शांतपणे सांगितलं की आम्ही हे करत नाही, बहरीनमध्ये २०१४ पासून माहिती तंत्रज्ञानाच्या गुन्ह्यांचा कायदा आहे आणि दुकान बंद पडेल. कायद्याचं नाव काढलं की वाद वाढत नाही, हेही धंद्यातच शिकलो. ते गेले. पुढे ती एकटी स्क्रीन गार्ड बदलायला आली तेव्हा तिच्या व्हॉट्सॲपमधलं ‘लिंक्ड डिव्हायसेस’ उघडलं. एक अनोळखी संगणक जोडलेला होता. तिच्यादेखत तो काढला आणि पडद्याचं कुलूप बदलायला लावलं. त्या कामासाठी मॉडही लागलं नव्हतं, फक्त तिचा फोन मिनिटभर दुसऱ्याच्या हातात जाणं पुरलं होतं.

हे सगळं लिहायचं कारण असं. ज्यांचा कुणी आखातात आहे अशी घरं आपल्याकडे गावोगावी आहेत. तो सुट्टीवर येईल तेव्हा त्याच्या फोनमध्ये व्हॉट्सॲपसारखी दोन चिन्हं दिसली, किंवा एकच पण सोनेरी, निळं, गुलाबी दिसलं, तर रागावू नका आणि घाईने उडवूही नका. आधी विचारा, हे कशासाठी घेतलंस. त्याच्या उत्तरात तो तिथे कसा राहतो ते तुम्हाला कळेल. मग मॉडमधून बॅकअप घ्या, फोटो आणि आवाजी निरोपांचे फोल्डर मेमरी कार्डावर उतरवा आणि ते उघडतात का ते तपासा. त्यानंतर मॉड काढा, व्हॉट्सॲप प्ले स्टोअरवरून किंवा कंपनीच्या संकेतस्थळावरून बसवा, ‘प्रायव्हसी’मध्ये जाऊन ‘लास्ट सीन’ आणि ‘ऑनलाइन’ त्याला हवं तसं लावून द्या, ‘टू-स्टेप व्हेरिफिकेशन’चा सहा आकडी पिन घाला आणि ‘लिंक्ड डिव्हायसेस’ एकदा बघा. तासाभराचं काम आहे. तो परत विमानात बसायच्या आधी करून टाका.